रुमालाखालचा आकडा

दौंडला स्टेशनजवळ एक सायबर कॅफे होता. तिथल्या टेबलांखालून गेलेली वायर न् वायर माझ्या हातची होती. छताचा पंखासुद्धा मीच घासाघीस करून आणलेला. आणि त्याच कॅफेत मी तासाचे पूर्ण पैसे भरून गिऱ्हाईक म्हणून बसत असे. कुणाला हसायचं तर हसू दे. मी ते मुद्दाम करत होतो.

कॅफे आम्ही दोघांनी काढला होता, मी आणि त्याचा आताचा मालक. तो निमोण्याच्या बागायतदार घरातला, मी शिरूरच्या बैलांच्या दलालाचा मुलगा. शिरूरला एकाच कॉम्प्युटर क्लासला होतो, तिथली ओळख. "जागेचा कागद आमच्या चुलत्यांच्या नावावर राहू दे, काम लवकर हुतंय," असं तो म्हणाला आणि मी मान डोलावली. चुलत्यांचं सोसायटीत वजन होतं. काम खरंच लवकर झालं. पुढं दुकान चालायला लागलं, रेल्वेची माणसं आणि कॉलेजची पोरं येऊ लागली, तसं कागदावरचं नाव काम करणाऱ्या हातापेक्षा मोठं होत गेलं. मी बाहेर पडलो त्या दिवशी त्यानं काउंटरवरच्या मशीनचा स्क्रीन माझ्यापासून वळवला आणि तिथूनच सगळ्या मशीनवरचा मालकाचा पासवर्ड बदलला. बदलून झाल्यावर भरल्या दुकानात सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "आता चावीबी माझ्याकडं." मी एक कीबोर्ड उचलून भिंतीवर मारला. त्याची बटणं खुर्च्यांखाली गेली. कीबोर्डही मीच आणलेला होता.

मग मी शिरूरला एस. टी. स्टँडजवळ माझा कॅफे काढला. पण बाजार सोडला नाही. काष्टीच्या बाजाराच्या दिवशी पहाटे मोटरसायकल काढायची, दौंडकडून जायचं, दुपारपर्यंत चार सौदे जुळवायचे. ज्यांनी बैलबाजार पाहिला नसेल त्यांच्यासाठी सांगतो. तिथं भाव तोंडानं बोलत नाहीत. विकणारा आणि घेणारा एका रुमालाखाली हात घालतात आणि बोटं धरून आकडा सांगतात. भोवती माणसं उभी असतात, पण कुणाला काही दिसत नाही. तेच बोट दहाचं असतं, शंभराचं असतं आणि हजाराचंही असतं. कशाचं आहे ते रुमाल टाकण्याआधी ठरतं. दलाल मध्ये उभा राहतो, दोघांचे हात जोडून देतो, कधी एकाच्या वतीनं स्वतः हात घालतो. सगळा धंदा एका गोष्टीवर चालतो: दलालाचा शब्द खरा आहे, असं दोन्ही बाजूंना वाटलं पाहिजे. ते वाटणं गेलं की कुणी तुमच्या रुमालाखाली हात घालत नाही.

बाजार संपला की परतताना मी दौंडच्या कॅफेत थांबायचो. तिथं ट्रकचा एक गेम होता. घाटातून माल न्यायचा. नीट चालवलं की पॉइंट चढतात, कठड्याला घासलं की उतरतात. भिंतीवर पांढरा फळा होता, त्यावर गेमचे रेकॉर्ड लिहिलेले असत. सगळ्यात वर मालकाचं, म्हणजे माझ्या जुन्या भागीदाराचं नाव. त्याखाली एका इंजिन ड्रायव्हरचं. रेल्वेतला हा मोठ्या वयाचा माणूस, त्याला सगळे मामा म्हणत. ड्यूटी संपली की तो गेमवर बसे. "जलमभर सरळ रुळावरनं चालवली," म्हणायचा, "इथं तरी स्टेअरिंग फिरवू दे."

एका बाजाराच्या दिवशी माझा हात असा बसला की घाट उतरेपर्यंत ट्रक कुठं घासलाच नाही. मालकाच्या आकड्यापेक्षा माझा आकडा थोडा वर गेला. मामांनी स्वतः उठून फळ्यावर माझं नाव सगळ्यात वर लिहिलं. मी मनात म्हटलं, वायर माझी, पंखा माझा, आता फळाही माझा.

मालक काउंटरवरून उठून आला. माझ्या खांद्यावरून हात घालून त्यानं माऊस घेतला, गेम बंद केला आणि स्क्रीनच्या कोपऱ्यातल्या एका चिन्हावर बोट ठेवलं. गेममधले आकडे बदलायचं ते सॉफ्टवेअर होतं. गेम चालू असताना कॉम्प्युटरच्या मेमरीत पॉइंटचा आकडा कुठं ठेवलाय ते हुडकायचं आणि तिथं आपल्याला हवा तो लिहायचा. कॉलेजची पोरं सीडीवरून असलं काय काय आणून टाकत. मी ते कधी उघडलंही नव्हतं.

"हे काय हाय, भाई?" तो म्हणाला.

"मला काय म्हाईत? तुझं मशीन हाय."

"माझं मशीन हाय, पन खुर्चीवर तू हायस." मग तो दुकानाकडं वळला. "मंडळी, हे आमचे शिरूरचे भाई. बैलबाजारातले दलाल. ह्यांचा हात कायम रुमालाखाली असतोय. वर जे दिसतंय त्यावर जाऊ नका."

दुकान हसलं. त्यानं डस्टर घेतलं आणि माझं नाव पुसलं.

मी तिथं काय काय बोललो ते लिहिण्यासारखं नाही. मामांनी मला दंडाला धरून बाहेर आणलं. "भाई, गेमच हाय," ते म्हणाले. "लेकरांचा खेळ."

गेम नव्हता तो. हसणाऱ्यांत दोन माणसं काष्टीच्या बाजारातली होती, मी त्यांना ओळखत होतो आणि ती मला. पुढच्याच बाजाराला एका जुन्या गिऱ्हाइकानं रुमाल झटकला आणि हसत हसत म्हणाला, "आज बोटं खरी दाखवा बरं का, दौंडसारखं नको." सौदा झाला, पण त्यानं दुसऱ्या दलालालाही बाजूला उभं केलं. माझ्या वडलांच्या हयातीत आमच्या रुमालावर दुसरा माणूस कधी उभा राहिला नव्हता.

मी ठरवलं, ज्याचा आळ घेतलाय ते आहे तरी काय, हे आधी बघायचं. एका पोराकडून ते सॉफ्टवेअर घेतलं आणि शिरूरला माझ्या कॅफेत दुपारच्या मोकळ्या वेळी बसलो.

पहिल्यांदा ते उघडेचना. अँटिव्हायरस त्याला व्हायरस समजून उडवून टाकत होता. अँटिव्हायरस बंद केला. मग ते उघडलं, पण शोध घेतला की काहीच सापडेना. चालू प्रोग्रॅमच्या यादीत ट्रकच्या गेमची दोन नावं होती. एक गेमचं आणि एक गेम सुरू करून देणाऱ्या छोट्या खिडकीचं. मी खिडकीतच शोधत बसलो होतो. बैल गोठ्यात आणि मी फाटकापाशी. नाव बदललं. आता शून्य पॉइंट शोधले तर लाखो जागा सापडल्या, कारण मेमरीत शून्यं चिक्कार असतात. थोडा ट्रक चालवला, स्क्रीनवर जो आकडा आला तो शोधला, तर एकही जागा नाही. पुन्हा पहिल्यापासून. पुन्हा एकही नाही. आकडा डोळ्यांसमोर दिसतोय आणि मशीन म्हणतंय, असा आकडा आतमध्ये नाहीच.

तीन-चार दुपारी अशा गेल्या. मी मशीनला शिव्या घातल्या. गिऱ्हाइकं दबकून बसायला लागली.

मग एका दुपारी चहा पिताना डोक्यात आलं की मी बाजारातला माणूस असून हा काय मूर्खपणा करतोय? रुमालाबाहेर उभा असलेला दलाल काय करतो? त्याला आकडा दिसत नाही. तो चेहरे बघतो. विकणाऱ्याच्या भुवया वर गेल्या, म्हणजे भाव चढला. घेणाऱ्यानं मान हलवली, म्हणजे उतरला. चढला, उतरला, जागेवर राहिला, एवढं बघत गेलं की सौदा संपायच्या आत आकडा कळतो. त्या सॉफ्टवेअरमध्येही तशी सोय होती: आकडा माहीत नाही असं आधी सांगायचं, आणि मग फक्त वाढलेल्या जागा, कमी झालेल्या जागा, तशाच राहिलेल्या जागा मागायच्या. पोरं तिकडं फिरकत नसत, कारण त्याला वेळ लागतो. मी ट्रक थोडा चालवायचो आणि वाढलेल्या जागा मागायचो. कठड्याला घासायचो, कमी झालेल्या मागायचो. नुसता उभा राहायचो, तशाच राहिलेल्या मागायचो. दर वेळी मशीन हँग झाल्यासारखं अडकून बसे. लाखांवरून हजार, हजारांवरून शेकडा असं करत शेवटी मूठभर जागा उरल्या. त्यांतल्या एका जागी जो आकडा होता तो स्क्रीनवरच्या आकड्याच्या आठपट होता. गेम आतमध्ये आठपट ठेवत होता आणि दाखवताना भागून दाखवत होता. बोट तेच, फक्त कशाचं ते आधी ठरलेलं. मी तिथं मोठा आकडा लिहिला आणि स्क्रीनवरचे पॉइंट उडी मारून वर गेले.

मला आनंद झाला आणि लगेच गेला. लबाडी करता येते, हेच मी सिद्ध केलं होतं.

पण त्यातून एक गोष्ट हाती लागली होती. लबाडीला वेळ लागत होता, आणि दर वेळी गेम थांबवावा लागत होता. भरल्या दुकानात, शेजारी मामांसारखा माणूस बसलेला असताना, कुणाला न दिसता हे होणं शक्य नव्हतं. एवढंच घेऊन मी पुढच्या बाजाराच्या दिवशी दौंडला गेलो. आधी कॅफे, मग बाजार.

मालक काउंटरवर होता. मामा रात्रपाळी करून आले होते, डोळे लाल. त्या दिवशी हसलेली बाजारातली माणसं मी स्वतः चहाच्या टपरीवरून बोलावून आणली.

"त्या दिवशी जे केलं म्हनतोस ते सगळ्यांम्होरं करून दावतो," मी म्हणालो. "किती येळ लागतोय, लोकांना बघू दे."

"म्हंजी येतंय तर तुला."

"आता येतंय. तवा येत नव्हतं."

"या, काउंटरवरच्या मशीनवर बसा. ते फास्ट हाय."

इथं माझ्यातला दलाल जागा झाला. बैल विकणाऱ्याच्या अंगणात जोखायचा नसतो. ज्या गाडीला ओढायचाय त्या गाडीला जुंपून बघायचा असतो. "न्हाई," मी म्हणालो. "त्याच खुर्चीवर. त्याच मशीनवर. त्या दिवशी गिऱ्हाइकाच्या नावानं बसलो हुतो, आजबी गिऱ्हाइकाच्याच नावानं. तासाचे पैसे हे घे."

तो हसला. "घासाघीस सोडत न्हाईस गड्या."

"मंजूर हाय का सांग."

"मंजूर."

"मामा, ऐकलं?"

"ऐकलं," मामा म्हणाले. "आता लवकर करा, मला झोपायचंय."

मी बसलो. सॉफ्टवेअर अजून तिथंच होतं, कुणी काढलं नव्हतं. गेम चालू केला, ट्रक घाटाच्या तोंडाशी आणला. यादीतून गेमचं बरोबर नाव निवडलं, आकडा माहीत नाही असं सांगितलं आणि स्कॅनचं बटण दाबलं.

स्कॅन एरर. वाचता येईल अशी मेमरी सापडत नाही.

मी पुन्हा दाबलं. पुन्हा तेच. छोट्या खिडकीचं नाव तर नाही ना धरलं? नव्हतं. अँटिव्हायरस? मशीनवर अँटिव्हायरसच नव्हता, काटकसर त्याच्या रक्तात. गेम बंद करून परत उघडला. मशीन बंद करून चालू केलं. माझ्या पाठीमागं खुर्च्या सरकल्याचे आवाज आले. तीच एरर.

"का हो भाई?" मालक म्हणाला. "रुमाल इसरलात व्हय घरी?"

पुन्हा हसू. माझे कान तापले. कीबोर्ड हाताशी होता आणि भिंतही होती. पण माझी नजर गेमच्या चिन्हावर गेली, आणि हात थांबला.

ते चिन्ह मीच बसवलं होतं. भागीदारीतल्या दिवसांत, गिऱ्हाइकांनी मशीनची वाट लावू नये म्हणून मी प्रत्येक मशीनवर दोन नावं केली होती: एक मालकाचं, त्याला सगळे अधिकार, एक गिऱ्हाइकाचं, त्याला फक्त वापरायचा अधिकार. पण ट्रकचा गेम गिऱ्हाइकाच्या नावानं चालतच नव्हता, कारण त्याला आपले रेकॉर्ड लिहून ठेवायची परवानगी मिळत नसे. तेव्हा मी अशी युक्ती केली की चिन्ह दाबलं की गेम मालकाच्या नावानं उघडायचा; मालकानं पासवर्ड एकदा भरून ठेवला की गिऱ्हाइकाला तो विचारला जात नसे. शिरूरला माझ्या कॅफेत ही भानगडच नव्हती. सगळं मालकाच्या नावानं उघडं, म्हणून तिथं शोध लागला. इथं गेम मालकाचा आणि सॉफ्टवेअर गिऱ्हाइकाचं. गिऱ्हाइकानं मालकाच्या घरात डोकावायचं म्हटलं तर विंडोज दार उघडत नाही. एरर ती होती.

मी खुर्ची वळवली. आवाज मुद्दाम खाली ठेवला. सौदा पक्का होत आला की आवाज खाली ठेवायचा, हे मी लहानपणी शिकलोय.

"न्हाई जमत," मी म्हणालो.

"न्हाई ना जमत?"

"न्हाई. आन् ह्या खुर्चीवर बसून कुनालाच जमायचं न्हाई. त्या दिवशीबी जमलं नसतं." मी चिन्हाची माहिती उघडून स्क्रीनवर दाखवली. मालकाच्या नावानं उघडायचं, असं तिथं स्वच्छ लिहिलेलं होतं. मी सगळ्यांना समजावून सांगितलं, जेवढ्या शब्दांत वर लिहिलंय तेवढ्याच. "हे करायचं तर मालकाचा पासवर्ड लागतोय."

"पासवर्ड तर तूच ठेवलेला," मालक पटकन म्हणाला. "सगळ्या मशीनचा."

"ठेवलेला. मग मला बाहेर काढलंस त्या दिवशी काय केलंस?"

त्यानं शेजारच्या मशीनचा माऊस उगाच सरळ केला.

"स्क्रीन वळवून काय केलंस? आन् ह्या दुकानात काय बोललास?"

मामांनी डोळे चोळले. त्या दिवशीही ते कोपऱ्यात बसलेले होते. "चावीबी माझ्याकडं," मामा म्हणाले. "ह्यांनी कीबोर्ड मारला तवा एक बटन माझ्या चहात पडलं हुतं. ध्यानात हाय."

या वेळी दुकान हसलं ते वेगळं हसणं होतं. बाजारातल्या माणसांनी एकमेकांकडं पाहिलं. त्यांतला एक म्हणाला, "चावी ह्यांच्याकडं न्हाई, तर कुलूप कसं काढतील?" एवढंच. मला एवढंच हवं होतं. दुपारपर्यंत हे वाक्य काष्टीत पोचणार होतं.

मालकानं तरी एकदा स्वतः करून बघितलं. त्या मशीनवर मालकाच्या नावानं गेला, पासवर्ड टाकताना सवयीनं स्क्रीनवर हात धरला. मी सांगितल्याप्रमाणं बटण दाबलं. स्कॅन सुरळीत चालू झाला, हिरवी पट्टी सरकत गेली. सगळे बघत होते.

मामा फळ्याकडं बघत होते. तिथं आता सगळ्यात वर पुन्हा मालकाचंच नाव होतं. "मंग शेठ," मामा सावकाश म्हणाले, "तुमचा आकडा कुठल्या खुर्चीवरचा?"

मालकानं काउंटरवरच्या मशीनकडं पाहिलं, जिथं तो रोज मालकाच्या नावानं बसे, आणि मान खाली घातली.

मी बोललो असतो तर त्या दिवशी तो माणूस दुकानात तोंड दाखवू शकला नसता. जिभेवर आलं होतं. पण त्यानं स्वतःचा आकडा तसाच चढवलाय का हे मला ठाऊक नव्हतं, आणि ठाऊक नसलेलं बोलण्याचा धंदा त्याचा, माझा नव्हे. शिवाय दावं फार ताणलं की बैल पडतो आणि गिऱ्हाईकही जातं. मी म्हणालो, "मामा, ज्याचं त्याला म्हाईत. माझं आधी बघू."

मालकानं चहा सांगितला. मग फळ्याजवळचं पेन काढून माझ्यापुढं धरलं. "घे. लिही तुझं नाव."

"मी कशाला लिहू?"

"बरं मामा, तुम्ही लिहा."

"न्हाई," मी म्हणालो. "ज्यानं पुसलं त्यानं लिहायचं."

त्यानं पेनाचं टोपण काढलं. मग तो फळ्याकडं वळला आणि त्यानं आपल्या नावाच्या वर, वळणदार अक्षरात, माझं पूर्ण नाव वडलांच्या नावासकट लिहिलं. आकडाही लिहिला. तो त्याच्या बरोबर लक्षात होता, एकही अंक चुकला नाही.

"झालं समाधान?" त्यानं पाठमोऱ्यानंच विचारलं.

"न्हाई," मी म्हणालो. चहा संपवला, तासातली उरलेली मिनिटं मामांना दिली आणि बाजाराला गेलो. उशीर झाला होता, चांगल्या जोड्या निघून गेल्या होत्या. तरी त्या दिवशी एका जुन्या गिऱ्हाइकानं मला लांबून हाक मारली आणि आपला रुमाल माझ्याकडं टाकला. त्याच्या बाजूला दुसरा दलाल नव्हता.

कॅफेच्या जागेचा कागद अजून त्याच्या चुलत्यांच्याच नावावर आहे.